सॅम बर्जेसच्या माथी मारलेला पराभव

इंग्लंडच्या २०१५ च्या रग्बी वर्ल्डकपचा विषय निघाला की निकाल आधीच लागलेला असतो: रग्बी लीगमधून उचलून आणलेल्या सॅम बर्जेसने इंग्लंडला बुडवलं. (लीग आणि युनियन हे रग्बीचे दोन वेगळे खेळ; हा वर्ल्डकप युनियनचा.) त्याला पुढची कलमंही जोडली जातात. लीग हा सोपा खेळ, त्यामुळे त्याला युनियन झेपलं नाही. पैशासाठी आला होता. वर्षभरात पळून गेला. आणि तिथेच संपला. यातलं एक कलम अर्धंमुर्धं खरं आहे, बाकीची टिकत नाहीत.

आधी त्या सामन्याचं बघू. २६ सप्टेंबर २०१५, ट्विकनहॅम, समोर वेल्स. जोनाथन जोसेफ जखमी झाला होता, म्हणून प्रशिक्षक स्टुअर्ट लँकेस्टरने मधली फळी नव्याने मांडली. दहा नंबरवर जॉर्ज फोर्डऐवजी ओवेन फॅरेल, बारावर बर्जेस, तेरावर ब्रॅड बॅरिट (बारा-तेरा म्हणजे मधले दोन सेंटर). बर्जेसचं मुख्य काम होतं जेमी रॉबर्ट्सला थोपवायचं. रॉबर्ट्स म्हणजे धडक देऊन समोरची फळी फोडणारा धिप्पाड सेंटर. बर्जेसने मैदान सोडलं तेव्हा इंग्लंड पुढे होतं. शेवटच्या दहा-एक मिनिटांसाठी त्याला बाहेर काढून फोर्डला आत पाठवलं. त्यानंतर लगेचच लॉइड विल्यम्सने डावीकडून पायाने चेंडू आत ढकलला आणि गॅरेथ डेव्हिसने तो उचलून ट्राय केला, म्हणजे गोलरेषेपलीकडे टेकवला. गंमत म्हणजे हा विल्यम्स मुळात स्क्रम-हाफ, म्हणजे स्क्रममागून चेंडू पुरवणारा. वेल्सचे खेळाडू एकामागून एक जखमी होत गेल्याने त्याला कडेला, विंगवर उभं केलेलं. २५-२५. मग डॅन बिगरने जवळजवळ अर्ध्या मैदानावरून पेनल्टी मारली आणि वेल्स २८-२५ ने पुढे गेलं.

तरीही बरोबरीची संधी होती. शेवटी इंग्लंडला पेनल्टी मिळाली. कर्णधार ख्रिस रॉबशॉने गोलचे तीन गुण घ्यायचा प्रयत्न न करता चेंडू कोपऱ्याकडे बाहेर मारायला लावला, लाइनआउट (बाहेर गेलेला चेंडू दोन रांगांमध्ये फेकून खेळ पुन्हा सुरू करणं) घेतला, आणि वेल्सने ती सगळी झुंड मैदानाबाहेर ढकलून दिली. या शेवटच्या अंकात बर्जेस बाकावर बसलेला होता. पुढच्या शनिवारी ऑस्ट्रेलियाने ३३-१३ असं हरवलं आणि यजमान गटातच गारद झाले. त्या सामन्यात बर्जेस राखीव खेळाडू म्हणून उशिरा आत आला. ऑस्ट्रेलियाच्या ३३ पैकी २८ गुण एकट्या बर्नार्ड फोलीचे, आणि स्क्रममध्ये, म्हणजे दोन्हीकडचे आठ-आठ जण एकमेकांना रेटतात त्या झुंजीत, इंग्लंडच्या आठ जणांची धूळधाण उडालेली. स्क्रममध्ये सेंटर नसतो, हे सांगायला नको.

बर्जेसची निवडच चुकली, असा आक्षेप असेल तर तो मला मान्य आहे. त्याच वर्षीच्या सिक्स नेशन्स या युरोपीय स्पर्धेत बारा नंबरवर खेळलेल्या लूथर बरेलला संघातूनच वगळलं होतं आणि त्याला वाईट वाटणं साहजिक होतं. पण संघ बर्जेसने निवडला नव्हता. नाचता येईना अंगण वाकडे, तशातली ही गत, फक्त इथे अंगणाच्या जागी माणूस आहे.

आता ‘झेपलं नाही’ आणि ‘लीग सोपं’. दोन्ही खेळ एकाच झाडाच्या फांद्या असल्या तरी घडण वेगळी आहे. लीगमध्ये तेरा खेळाडू. एका संघाला सहा टॅकलपर्यंत चेंडू राखता येतो. टॅकल झाल्यावर खेळाडू उठतो, चेंडू टाचेने मागे सरकवतो आणि खेळ पुढे चालू. युनियनमध्ये पंधरा जण, आणि टॅकल झाल्यावरच खरी मारामारी सुरू होते: जमिनीवरच्या चेंडूसाठी रक, मग मॉल (चेंडूवाल्या उभ्या खेळाडूभोवतीची रेटारेटी), शिवाय लाइनआउट. लीगमध्ये बर्जेस फॉरवर्ड होता, म्हणजे धडकेत जगणारा. बाथ क्लबने त्याला आधी सेंटरला खेळवून पाहिलं आणि मोसमाच्या उत्तरार्धात फ्लँकरला आणलं. हे शहाणपणाचं होतं. फ्लँकर चेंडूच्या मागे धावतो, पाडतो, उपटतो. त्या मोसमात बाथ इंग्लंडच्या युनियन क्लबांच्या प्रीमियरशिप स्पर्धेच्या अंतिम सामन्यापर्यंत गेलं, तिथे सॅरासन्सकडून हरलं. आणि इंग्लंडने काय केलं? त्याला परत सेंटरला नेलं. तिथे ताकदीइतकीच गरज असते ती बचावाच्या रांगेतलं अंतर राखण्याची आणि पुढचे दोन पास आधीच ओळखण्याची. हे अंगवळणी पडायला वर्षं लागतात. बर्जेस नोव्हेंबर २०१४ मध्ये बाथकडून पहिल्यांदा उतरला, वर्ल्डकप सप्टेंबर २०१५ मध्ये. मधे उणेपुरे दहा महिने. इंग्लंडकडून एकूण पाच सामने, त्यातले सुरुवातीपासून फक्त दोन.

इथे जेसन रॉबिन्सनचं नाव पुढे केलं जातं. तोही लीगमधून आला, २००० साली, आणि काही महिन्यांतच इंग्लंडकडून खेळला. २००३ च्या अंतिम सामन्यातला इंग्लंडचा एकमेव ट्राय त्याचाच. खरं आहे. पण तो विंग आणि फुलबॅक, म्हणजे मोकळ्या जागेत पाय चालवणारा. लीगमधली कसब जवळजवळ जशीच्या तशी चालणारी जागा ती. तुलना करायचीच तर न्यूझीलंडच्या सोनी बिल विल्यम्सशी करा, तोही लीगचा फॉरवर्ड आणि युनियनमध्ये सेंटर. तो २००८ मध्ये फ्रान्सच्या तुलाँ या युनियन क्लबात गेला आणि न्यूझीलंडकडून पहिल्यांदा खेळला २०१० मध्ये. त्याला दोन वर्षं मिळाली.

पैशाचं कलम ऐकलं की मला हसू येतं. १८९५ मध्ये हडर्सफील्डच्या जॉर्ज हॉटेलात उत्तर इंग्लंडच्या क्लबांनी वेगळी चूल मांडली (तीच पुढे लीग झाली) ती याच कारणाने. खाणीत आणि गिरणीत राबणाऱ्या खेळाडूची शनिवारची मजुरी बुडायची, ती भरून द्यावी एवढीच मागणी होती. लंडनच्या साहेबांना ती मंजूर नव्हती. बर्जेस त्याच पट्ट्यातल्या ड्यूसबरीचा. शंभर वर्षांनी, १९९५ मध्ये, युनियननेही उघडपणे पैसे द्यायला सुरुवात केली. मग खेळाडूने मोबदला घेतला तर ते पाप कसं?

पळून गेला, हे मात्र पूर्ण खोटं नाही. बाथशी करार तीन वर्षांचा होता आणि तो नोव्हेंबर २०१५ मध्येच साउथ सिडनी या ऑस्ट्रेलियातल्या आपल्या जुन्या लीग क्लबाकडे परतला. बाथच्या चाहत्यांचा राग मी समजू शकतो. पण तो परतला ते त्याच क्लबकडे, जिथे त्याचं नाव कोरलं गेलं होतं. ५ ऑक्टोबर २०१४ च्या एनआरएल (ऑस्ट्रेलियातली अव्वल लीग स्पर्धा) अंतिम सामन्यात पहिल्याच धडकेत जेम्स ग्रॅहमच्या डोक्यावर आपटून त्याच्या गालाचं हाड मोडलं. तो तसाच ऐंशी मिनिटं खेळला. साउथ सिडनीने कँटरबरीला ३०-६ ने हरवलं, १९७१ नंतरचं पहिलं विजेतेपद मिळवलं, आणि सामन्यातल्या सर्वोत्तम खेळाडूचं क्लाइव्ह चर्चिल पदक बर्जेसला मिळालं. याच क्लबचा जॉन सॅटलर १९७० च्या अंतिम सामन्यात मोडक्या जबड्याने खेळला होता. त्याच्या शेजारी सिडनीकर आता बर्जेसला बसवतात.

‘संपला’ म्हणावं तर २०१६ मध्ये फोर नेशन्स स्पर्धेत तो इंग्लंडच्या लीग संघाचा कर्णधार होता. २०१७ मध्ये ब्रिस्बेनला लीगच्या वर्ल्डकपच्या अंतिम सामन्यात खेळला. इंग्लंड हरलं, पण फक्त ०-६ ने. २०१९ मध्ये निवृत्त झाला तो खांद्याच्या दुखापतीमुळे, वयाच्या तिसाव्या वर्षी. पुढे वॉरिंग्टन या इंग्लिश लीग क्लबाचा प्रशिक्षक झाला आणि २०२४ व २०२५ अशी सलग दोन वर्षं संघाला लीगच्या चॅलेंज कपच्या अंतिम सामन्यात घेऊन गेला. दोन्ही हरले, दुसरा ६-८ असा.