जपानी माणूस ‘नाही’ म्हणतो, आणि स्पष्ट म्हणतो

जपानी कंपन्यांबरोबर काम करणाऱ्यांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर एक मजकूर सतत फिरत असतो. त्यातले दावे असे: जपानी माणूस ‘नाही’ म्हणतच नाही. त्याच्या ‘हाय’ला, म्हणजे ‘हो’ला, काही अर्थ नसतो. मीटिंगमध्ये तो गप्प बसला तर त्याला पटलंय असं समजा. थेट विचारलंत तर संबंध बिघडतात. हे सगळं संशोधनाने सिद्ध झालेलं आहे. शेवटी सल्ला असतो, की व्हिजिटिंग कार्ड दोन्ही हातांनी द्या. कार्डाचं तेवढं बरोबर आहे. बाकीचं खोडून काढणं गरजेचं आहे, कारण नवीन मुलं हे वाचून पहिल्या कॉलला बसतात आणि समोरून आलेला नकार त्यांना ऐकूच येत नाही.

‘नाही’ म्हणतच नाहीत

‘इइए’, म्हणजे ‘नाही’, हा शब्द नकार देताना कमी वापरतात, एवढंच खरं आहे. नकाराची वाक्यं ठरलेली आहेत. ‘मुझुकाशी देसु ने’ म्हणजे शब्दशः ‘अवघड आहे’. ‘सोरे वा चोत्तो…’ म्हणजे ‘ते जरा…’, आणि वाक्य तिथेच सोडून देतात. ‘केंतो शिमास’ म्हणजे ‘विचार करतो’. पत्रात ‘कोनकाई वा मिओकुरासेते इतादाकिमास’ आलं की यावेळचा प्रस्ताव नाकारला, त्यात संदिग्ध काही नाही.

मराठी माणसाला हे कळायला अवघड जाऊ नये. स्थळ पाहून गेल्यावर ‘पत्रिका जुळत नाही’ असा निरोप आला, तर कोणी दुसऱ्या ज्योतिषाकडे पत्रिका घेऊन धावत नाही. नुसतं ‘बघू’ आणि ‘रविवारी संध्याकाळी फोन करतो’ यांतला फरक आपल्याला पक्का ठाऊक असतो. ‘केंतो शिमास’चंही तसंच आहे. मागे तारीख जोडली असेल तर खरोखर विचार होणार आहे. तारीख नसेल, वर दातांतून श्वास आत ओढल्याचा आवाज आला, तर बहुतेक वेळा तो नकारच.

घोटाळा होतो तो मधल्या इंग्रजीमुळे. ‘मुझुकाशी देसु’चं इंग्रजीत ‘इट इज डिफिकल्ट’ होतं. पुण्यातला इंजिनिअर ते ‘कठीण आहे, पण जास्त कष्ट घेतले तर होईल’ असं ऐकतो आणि उत्साहाने ‘नो प्रॉब्लेम, वुई विल मॅनेज’ म्हणतो. त्याच्या दृष्टीने तो मदत करतोय. समोरच्याला मात्र वाटतं, आपण नाही म्हटलं तरी हे ऐकत नाहीत.

शॉप फ्लोअरवर, म्हणजे कारखान्यात प्रत्यक्ष काम चालतं तिथे, तर आडवळणही नसतं. तपासणीच्या तक्त्यावर सरळ ‘एनजी’ (‘नो गुड’, म्हणजे नापास) लिहितात, किंवा खुणा करतात. या खुणा नीट लक्षात ठेवा. गोल म्हणजे पास, त्रिकोण म्हणजे अर्धवट किंवा अटीवर, फुली म्हणजे नापास. आपल्याकडे बाई वहीत चुकलेल्या शब्दाभोवती लाल गोल करतात आणि बरोबर उत्तरावर टिक करतात. जपानी शाळेत बरोबर उत्तराला गोल मिळतो, आणि टिकसारखी खूण चुकीच्या उत्तरावरही असते. म्हणून आपला तक्ता टिक लावून पाठवायचा असेल तर प्रत्येक खुणेचा अर्थ तळाशी लिहा.

‘हाय’ला अर्थ नसतो

अर्थ असतो, पण तो ‘हाय’ कशावर आला त्यावर ठरतो. तुम्ही बोलत असताना मधेमधे येणारा ‘हाय, हाय’ हा आपल्या ‘हं… बरं…’सारखा हुंकार. त्याला आइझुची म्हणतात. त्यात ‘ऐकतोय’ एवढंच आहे, मान्यता नाही. सरळ प्रश्नावर आलेला ‘हाय’ म्हणजे हो.

तिसरा प्रकार नुकसान करतो. ‘पार्ट आला नाही ना?’ असं नकारार्थी विचारलं तर जपानी उत्तर ‘हाय’ असतं, म्हणजे ‘हो, नाही आला’. मराठीतही आपण अगदी असंच बोलतो. इंग्रजीत मात्र अशा प्रश्नाला ‘नो’ म्हणायचं असतं. त्यामुळे दोन्ही बाजूंनी कधी मातृभाषेच्या, कधी इंग्रजीच्या नियमाने उत्तर दिलं जातं आणि ‘येस’चा अर्थ कोणालाच सांगता येत नाही. नकारार्थी प्रश्न इंग्रजीत विचारूच नका. ‘आला का?’ एवढंच विचारा.

अजून एक. जपानी वाक्यात नकार शेवटी, क्रियापदात येतो. ‘ताबुन मानिआवानाई तो ओमोइमास’: बहुधा, वेळेत होणार नाही, असं, वाटतं. शब्दाला शब्द मराठीच! पण समोरचा इंग्रजी बोलत असला तरी त्याच्या डोक्यातला क्रम बऱ्याचदा हाच असतो. आधी कारणं, परिस्थिती, शेवटी निर्णय. तुम्ही मधेच बोललात तर तो ‘नाही’पर्यंत पोचतच नाही. त्याचं वाक्य संपल्यावर मनात तीन मोजा, मग बोला.

गप्प म्हणजे कबूल

बहुतेक वेळा गप्प म्हणजे ‘मला इथे एकट्याने ठरवता येत नाही’. मोठा निर्णय मीटिंगच्या आधी होतो. एकेका संबंधिताला अगोदर भेटून त्याचं मत घेण्याला नेमावाशी म्हणतात. झाड हलवण्यापूर्वी त्याच्या मुळांभोवती खणून तयारी करायची, त्यावरून हा शब्द आला. मग रिंगिशो नावाचा प्रस्ताव टेबलाटेबलावरून शिक्के घेत जातो. त्यामुळे मीटिंगमध्ये पहिल्यांदा दाखवलेल्या स्लाइडवर होकार मिळत नाही. मजकूर कामाचे तीन दिवस आधी पाठवा, आणि कोणाला शंका आहे ते एकेकट्याला विचारा.

संशोधनाने सिद्ध

इथे दोन नावं घेतात. अमेरिकी मानववंशशास्त्रज्ञ एडवर्ड हॉल यांनी १९७६ मध्ये मांडलेली कल्पना अशी, की काही समाजांत शब्दांपेक्षा संदर्भ जास्त बोलतो. ती उपयोगी आहे, पण ती मोजपट्टी नव्हे. डच समाजमानसशास्त्रज्ञ गिर्ट हॉफस्टेड यांनी आयबीएमच्या कर्मचाऱ्यांकडून १९६७ ते १९७३ या काळात भरून घेतलेल्या प्रश्नावल्यांवरून देशांना गुण दिले. १९८०च्या पुस्तकात व्यक्तिवादाच्या मापावर भारत ४८, जपान ४६. जवळजवळ सारखेच! त्या आकड्यावर विसंबायचं तर दोघांत गैरसमज व्हायलाच नकोत. अनिश्चितता टाळण्याच्या मापावर मात्र जपान ९२ आणि भारत ४०. हे देशांच्या सरासरीचे आकडे आहेत. समोर बसलेल्या एका माणसाबद्दल त्यांतून काही काढता येत नाही, हे हॉफस्टेड स्वतःही बजावत.

थेट विचारलं की संबंध बिघडतात

हा दावा सगळ्यांत घातक, कारण तो काम थांबवतो. काकुनिन, म्हणजे खात्री करून घेणं, हे तिथे चांगल्या कामाचं लक्षण मानतात. खटकतं ते चारचौघांत ‘हो की नाही ते सांगा’ म्हणून कोंडीत पकडणं. ‘इज इट ओके?’ विचारू नका, त्याचं उत्तर हुंकारच येणार. दोन पर्याय, प्रत्येकाची किंमत आणि तारीख लिहून द्या आणि ‘यातला कोणता, कधीपर्यंत कळेल?’ असं विचारा. मीटिंग संपल्यावर त्याच दिवशी पाच ओळींचा मेल करा: काय ठरलं, काय ठरायचं आहे, कोण करणार, कधी. उत्तर आलं नाही तर ठरलं असं धरू नका.

विलंबाबाबत आपल्याला सवय बदलावीच लागेल. आपलं ‘करून टाकू’ तिकडे वचन म्हणून नोंदवलं जातं, आणि नोकी, म्हणजे ठरलेली तारीख, ही तारीखच असते. होरेन्सो हा शब्द कळवणं, संपर्क ठेवणं आणि सल्ला घेणं यांसाठीच्या तीन शब्दांची आद्याक्षरं जोडून झाला आहे. त्याचा रोजचा अर्थ: वाईट बातमी आधी. शुक्रवारचं काम शुक्रवारी होणार नाही हे मंगळवारी दिसलं, तर मंगळवारीच सांगा. कारण, नवीन तारीख आणि पुन्हा होऊ नये म्हणून काय केलं, एवढं त्यात हवं. जपान आपल्या साडेतीन तास पुढे आहे. पुण्यात सकाळी १०.३० वाजता पाठवलेला मेल तिथे दुपारी २ वाजता पोचतो आणि त्यांना त्याच दिवशी काही हालचाल करता येते. संध्याकाळी ५ वाजता पाठवलात तर तिथे रात्रीचे ८.३० झालेले असतात.