नोटरीच्या शिक्क्याने घटस्फोट होत नाही, हे फॉरवर्ड थांबवा

"कोर्टाच्या चकरा विसरा! दोघं राजी असाल तर 500 च्या स्टॅम्प पेपरवर नोटरी करा, घटस्फोट झाला. सुप्रीम कोर्टाने 6 महिन्यांची अट काढलीये, आता 7 दिवसांत मोकळे. मध्यस्थीला जाऊ नका, तिथे बोललेलं जज्जला कळतं, बाईची पोटगीही बुडते."

हे फॉरवर्ड बरेच दिवस फिरतंय. परवा माझ्या मामेबहिणीने फोन करून विचारलं, दादा, नोटरी कुठला चांगला? तिची केस वर्षानुवर्षं तारखांवर चाललीये, आता कुठे दोघं समजुतीला आलेत, आणि त्यात हा मेसेज. डोकंच फिरलं.

आधी स्टॅम्प पेपर, कारण इथेच आयुष्यं बरबाद होतात. वर 'फारकतनामा', खाली दोघांच्या सह्या, दोन साक्षीदार, नोटरीचा शिक्का, दिसायला एकदम पक्कं. पण हिंदू विवाह कायद्याखाली हा घटस्फोट नाहीच, तो फक्त कोर्टाच्या हुकुमाने होतो. ऑक्टोबर 2024 मध्ये केंद्राच्या कायदा खात्याने नोटरींना लेखी बजावलंय की लग्नाचे किंवा घटस्फोटाचे कागद करू नका. तरी लोक करतात, आणि त्या कागदाच्या भरवशावर दुसरं लग्न लावतात. ते लग्न कायद्याने रद्दबातल, वर गुन्हा, 7 वर्षांपर्यंत शिक्षा. काही समाजांत काडीमोडीची जुनी रूढी आहे आणि कायदा ती मानतो, हे खरंय, पण वाद झाला की ती रूढी कोर्टात सिद्ध करावी लागते, शिक्का दाखवून भागत नाही.

आता ते 7 दिवस. यात अर्धं खरं आहे, नाइलाजाने मान्य करतो. 2017 च्या अमरदीप सिंग विरुद्ध हरवीन कौर निकालात सुप्रीम कोर्टाने म्हटलं की कलम 13ब मधले, म्हणजे संमतीच्या घटस्फोटात पहिला अर्ज (पहिली मोशन) आणि दुसरा (दुसरी मोशन) यांच्यामधले, 6 महिने कोर्ट माफ करू शकतं, आणि माफीचा अर्ज पहिल्या मोशननंतर आठवड्याने करता येतो. 7 दिवस आले ते इथून! पण अट काढलेली नाही. पहिल्या मोशनच्या आधीच दीड वर्ष वेगळं राहिलेलं हवं, समेटाचे प्रयत्न, मध्यस्थीसुद्धा, करून फसलेले हवेत, पोटगी आणि मुलांचा ताबा खरोखर मिटलेला हवा. एवढं असूनही माफी द्यायची की नाही ते कोर्ट ठरवतं. म्हणजे मध्यस्थी टाळायला सांगणारा मेसेज त्याच सवलतीची वाट बंद करतोय.

मध्यस्थीत बोललेलं गुप्त राहतं, मिटलं की नाही एवढंच कोर्टाला कळवतात. पोटगी बुडते हेही खोटं, किती आणि कधी ते कन्सेंट टर्म्समध्ये, म्हणजे दोघांनी कोर्टात दिलेल्या लेखी अटींमध्ये, लिहिलं जातं. बहिणीला मी तेच सांगितलं, एकेक गोष्ट लिहून घे. अर्धे पैसे पहिल्या मोशनला, उरलेले दुसऱ्याला, डिमांड ड्राफ्टने. स्त्रीधनाची यादी, पाटल्यांसकट. मुलाला कुठल्या शनिवारी कोण नेणार. मुलाचा खर्च आईने सोडला तरी मुलाचा हक्क जात नाही. 498अ ची, म्हणजे सासरच्या छळाची केस असेल (जुलै 2024 पासून नव्या कायद्यात कलम 85) तर दोघांनी लिहून दिलं म्हणून ती संपत नाही, हायकोर्टात रद्द करून घ्यावी लागते, त्याचा खर्च कोणाचा तेही लिहा.

जिथे मारहाण आहे, भीती आहे, तिथे बाईला समजुतीला बसवू नका, हे मी स्वतःहून सांगतो. वकिलाची फी परवडत नसेल तर विधी सेवा प्राधिकरणाच्या कार्यालयात जा, बायकांना उत्पन्नाची अट न लावता फुकट वकील मिळतो.