सत्कार नको, पळू द्या

आज डोकं फिरलंय म्हणून लिहितोय, लांबलं तर समजून घ्या. सकाळी धाकट्याचं नाव १० किलोमीटरच्या रनला द्यायला गेलो. मी गाईड म्हणून शेजारी पळणार, दोघांच्या हातात एक दोरी, बास. काउंटरवरचा माणूस त्याच्याकडं न बघता मला म्हणतो, "ह्यांना दिसत नाही ना, मग रिस्क कशाला? स्टेजजवळ बसवा, सत्कार करू." अरे सत्कार कसला बे, तो पळायला आलाय!

तुमच्यातल्या बऱ्याच जणांनी आम्हाला कंबर तलावाच्या रस्त्यावर बघितलंय. मी पुढं सायकलवर, कॅरिअरला घुंगरू बांधलेलं, तो त्या आवाजावर मागं. "डावीकडं खड्डा", "म्हैस आली, थांब". एकदा मी फोनच्या नादात स्पीडब्रेकर सांगायचा विसरलो आणि तो धाडकन पडला, कोपर सोलवटलं. उठून काय म्हणाला माहितीये? "दादा, बोलत राहा की."

रेचल स्कडोरिस नावाची अमेरिकन बाई आहे. जन्मापासून नजर अगदी अधू, रंग दिसत नाहीत, लख्ख उजेडात तर अजूनच कमी. आणि खेळ कुठला, तर बर्फावर कुत्र्यांची गाडी पळवायचा! अलास्कातली इडिटारॉड रेस, अँकरेजपासून नोमपर्यंत साधारण १६०० किलोमीटर, एका गाडीला १६ पर्यंत कुत्री. लगाम नाही, सगळा कारभार तोंडानं. 'जी' म्हटलं की उजवीकडं, 'हॉ' म्हटलं की डावीकडं, म्हणजे आपल्या गाडीवानासारखंच. वाट पुढची कुत्री धरतात. तिला गाईड म्हणून दुसऱ्या गाडीवर एक माणूस, तो वायरलेसवर सांगणार की फांदी खाली आलीये, वळण आहे. तिथंही आधी नाही-हो झालंच, पण दिली परवानगी. २००५ ला कुत्री आजारी पडली म्हणून तिला रेस मध्येच सोडावी लागली. २००६ ला परत गेली आणि पूर्ण केली, ५७ वी आली, १२ दिवसांच्या वर लागले. तिला कुणी स्टेजजवळ नाही बसवलं.

ठीक आहे, काही झालं तर आयोजकांवर येतं, तेवढं मान्य. मग नियम करा, गाईडचं नाव लिहून घ्या, माझी सही घ्या! आपली सिमरन शर्मा, तिचीही नजर अधू, २०२४ च्या पॅरालिम्पिकमध्ये २०० मीटरला ब्राँझ घेऊन आली, शेजारी गाईड अभय सिंग पळत होता. तेव्हा सगळ्यांनी स्टेटस ठेवले होते ना?

घरी येताना मीच बडबडत होतो, तो गप्प. मला परत तो स्पीडब्रेकर आठवला. पडला तो, पण चूक माझी होती, त्याच्या डोळ्यांची नव्हती. मी बोललो नव्हतो.

आत्ता जेवताना भाकरी मोडत म्हणाला, "दादा, घुंगरू सैल झालंय, आवाज नीट येत नाही, उद्या पाचच्या आधी बांध." बांधतोय आत्ताच.