थपडेचे कसले आभार मानता?

माझ्या मावशीच्या चेहऱ्याची डावी बाजू गेल्या महिन्यात लुळी पडली. चूळ भरताना पाणी ओघळतं, डोळा नीट मिटत नाही, बोलताना ती तोंडावर पदर धरते. अशा बाईला आमच्या एका नातेवाइकाने व्हॉट्सअॅपवर ललिता पवारांची ती गोष्ट पाठवली, ‘प्रेरणादायी’ म्हणून. तुम्हालाही आली असेल. नवखी देखणी नायिका, सहकलाकार भगवानदादांची थप्पड, अधू झालेला डोळा, दहा वर्षं घरात अंधारात, मग ‘रामायणा’तली मंथरा आणि प्रसिद्धी. शेवटी तात्पर्य: ती थप्पड बसली नसती तर या बाईला कुणी ओळखलं नसतं, म्हणून संकटाचे आभार माना.

थप्पड खरी आहे, ते मान्य. 1942, ‘जंग-ए-आझादी’चं चित्रीकरण. हात जोरात बसला, चेहऱ्यावरून वारं गेलं, डावा डोळा कायमचा बारीक झाला. नायिकेची कामं संपली, हेही खरं. खरेपणा इथवरच.

आता ‘नवखी’. येवल्यात 1916 साली जन्मलेली ही मुलगी बाराव्या वर्षी मूकपटात उभी राहिली. 1932 च्या ‘कैलास’मध्ये त्यांनी काम तर केलंच, शिवाय निर्मितीत भागीदारीही केली. 1938 मध्ये टॉलस्टॉयच्या कादंबरीवरून ‘दुनिया क्या है’ काढला. म्हणजे थप्पड बसली तेव्हा चौदा वर्षांचा अनुभव आणि निर्मातीची पाटी दोन्ही गाठीशी होतं. तिला ओळखणारं कुणी नव्हतं म्हणे!

‘दहा वर्षं अंधारात’ वाचल्यावर तर मी फोन आपटायचाच बाकी होतो. प्रभातचा ‘रामशास्त्री’ 1944 चा. त्यात आनंदीबाई कोण आहे? ‘ध’चा ‘मा’ करणारी ती बाई डोळ्यांनी जे करते, ते बघा आणि मग मला अंधाराच्या गोष्टी सांगा. उपचार लांबले, त्रास झाला, पण दोन वर्षांत त्या प्रभातच्या पडद्यावर होत्या. अख्ख्या मेसेजला हा एक सिनेमा पुरेसा आहे.

भगवानदादांना ‘देवाने शिक्षा दिली’, ही आणखी एक पुरवणी. मग नऊ वर्षांनी, 1951 मध्ये, ‘अलबेला’चं घवघवीत यश त्याच देवाने का दिलं? पुढे ते चाळीत राहिले ते सिनेमात पैसा बुडाला म्हणून. सोडा.

मंथरेचं अर्धं खरं आहे. माझ्या पिढीने त्यांना आधी दूरदर्शनवरच पाहिलं आणि रविवारी सकाळी शिव्याही घातल्या. पण ‘रामायण’ आलं 1987 ला, त्या सत्तरीच्या होत्या. मधली पंचेचाळीस वर्षं काय त्या वाट बघत बसल्या होत्या? ‘श्री 420’मधली केळेवाली, ‘जंगली’मधली घरात हसायला बंदी करणारी आई, 1961 चा संगीत नाटक अकादमी पुरस्कार, हे सगळं मधलंच. आणि फिल्मफेअर कशासाठी मिळालं? दुष्ट सासूसाठी नव्हे. ‘अनाडी’मधल्या मिसेस डिसासाठी. भाड्यावरून राज कपूरवर खेकसणारी, पण जीव लावणारी घरमालकीण. भेसळीच्या औषधाने ती मरते तेव्हा थिएटरात हुंदके यायचे, असं आई सांगायची. ‘अनाडी’चे दिग्दर्शक हृषिकेश मुखर्जींना ती इतकी आवडली असावी की ‘आनंद’मध्ये ललिताबाईंनीच केलेल्या मेट्रनचं आडनावही डिसाच ठेवलं.

माझा राग आहे तो तात्पर्यावर. थपडेने फक्त एक गोष्ट केली: डोळा घेतला. बाकी सगळं त्या बाईने आधीच कमावलेलं होतं आणि नंतर पुन्हा कमावलं. त्याचं श्रेय थपडेला द्यायचं? आणि तेही जिला आत्ता घोटभर पाणी पिता येत नाही तिला सांगायचं, की हे तुझ्या भल्यासाठीच झालं?

ग्रुपवर यातलं निम्मंच लिहिलं. उत्तरादाखल हात जोडलेले तीन इमोजी आले.

रात्री मावशीला ‘अनाडी’ लावून दिला. बराच वेळ काही बोलली नाही. मिसेस डिसाचं ओरडणं ऐकून एकदा हसली, अर्ध्या तोंडाने.

“डोळा दिसतो रे चांगलाच,” म्हणाली. “पण लपवत नाही बघ कुठे.”

मग म्हणाली, तो मेसेज काढून टाक माझ्या फोनमधून, मला येत नाही ते.