तिकडे बसून

"तू तिकडे बसून बोलू नकोस." आमच्या सांगलीच्या कॉलेजच्या बॅचचा व्हॉट्सॲप ग्रुप आहे, त्यावर डिसेंबरात मला हे ऐकवण्यात आलं. खाली एकोणीस अंगठे. त्यातले दोन अंगठे अशा माणसांचे, जी माझ्याकडे पंधरा-पंधरा दिवस राहून, मॉल ऑफ अमेरिका बघून गेली आहेत.

वाद एका फ्रेंच माणसाचा. लुई माल याने १९६८ साली भारतात चित्रित केलेल्या 'फँटम इंडिया' या माहितीपटातला दोन मिनिटांचा तुकडा कोणीतरी टाकला होता. मेलेली म्हैस, आणि तिच्यावर तुटून पडलेली गिधाडं. खाली लगेच सुरू: गोऱ्यांना आपल्याकडे हेच दिसतं, बंदी घाला, रिपोर्ट करा. मी एवढंच लिहिलं की अख्खा माहितीपट सात भागांचा, सहा तासांहून मोठा आहे, तो बघा आणि मग बोला. त्यावर ते 'तिकडे बसून'.

बरं, ती गिधाडं आज दाखवायची म्हटली तरी कुठून आणणार? गुरांना टोचलेल्या डायक्लोफिनॅक या वेदनाशामक औषधाने ती आपणच जवळजवळ संपवली. त्याबद्दल ग्रुपवर कधी कोणाच्या भावना दुखावल्याचं आठवत नाही.

माल हा साखरसम्राटाच्या घरातला. उत्तर फ्रान्समधल्या थ्युमेरीचा, आई बेगँ घराण्यातली, त्यांची बीटाची साखर. आमच्याकडे चेअरमनचा मुलगा आधी संचालक होतो आणि मग आमदार. हा पठ्ठ्या सिनेमाची शाळा सोडून समुद्रसंशोधक कुस्तोच्या जहाजावर समुद्राखाली चित्रण करायला गेला. त्या माहितीपटाचा सहदिग्दर्शक म्हणून १९५६ साली कान महोत्सवाचं सर्वोच्च पारितोषिक मिळालं तेव्हा वय तेवीस. मग कथापट केले, गाजले, त्यावरून बोंबाबोंबही झाली. ते सगळं सोडून पस्तिशीत भारतात आला तो एक कॅमेरावाला, एक ध्वनिमुद्रक घेऊन. पटकथा नाही, वेळापत्रक नाही. भारतातून परतला तो थेट मे १९६८ च्या, विद्यार्थी-कामगारांच्या उठावाने पेटलेल्या फ्रान्समध्ये. कानला परीक्षक होता, त्याने राजीनामा दिला आणि महोत्सवच बंद पडला.

मला त्या सहा तासांत सगळ्यात आवडतात ती कॅमेऱ्याकडे टक लावून बघणारी माणसं. आपल्याकडे जत्रेत कॅमेरा काढा, दोन मिनिटांत पन्नास जण गोल करून उभे. दुसरा कोणी असता तर "इकडे बघू नका" म्हणून ओरडला असता. याने ते बघणं ठेवलं, आणि आपण आगंतुक आहोत हे स्वतःच्या आवाजात पुन्हा पुन्हा सांगितलं. सुरुवातीला काही सुशिक्षित भारतीय येतात, उत्तम इंग्रजीत भारत म्हणजे काय ते समजावतात. थोडा वेळ ऐकून घेऊन तो म्हणतो, हे मूठभर लोक, यापुढे यांच्याशिवाय. म्हणजे आमच्या अख्ख्या ग्रुपला त्याने पहिल्याच भागात घरी पाठवलं. खरा राग त्याचा असावा, गिधाडांचा नसावा.

सातवा भाग मुंबईवर आहे. तो कोणी टाकला नाही.

१९७० मध्ये बीबीसीने हे दाखवलं तेव्हा भारत सरकार भडकलं, प्रक्षेपण थांबवा म्हणालं. बीबीसी ऐकेना, तेव्हा तिचं दिल्लीचं ऑफिस बंद करायला लावलं. ते पुन्हा उघडायला १९७२ उजाडलं. मी हे ग्रुपवर सांगितल्यावर एक जण म्हणाला, "इंदिराबाईंनी योग्य तेच केलं." हा गृहस्थ दर २५ जूनला याच बाईंच्या नावाने बोटं मोडतो.

आता माझा हुकमी पत्ता. १९७९ साली हाच माल कॅमेरा घेऊन इथे मिनेसोटात, माझ्या घरापासून तासाभरावरच्या ग्लेनकोला आला होता. २१२ नंबरचा हायवे धरून पश्चिमेला, चास्का सोडलं की दोन्ही बाजूंना मका नि सोयाबीन, मध्ये हे पाचेक हजार वस्तीचं गाव. (त्याच रस्त्याने आणखी पुढे रेनव्हिलला बीटाच्या साखरेचा कारखाना आहे, तोही सहकारी! पहिल्यांदा पाटी वाचली तेव्हा मी गाडी बाजूला घेऊन फोटो काढला होता.) ग्लेनकोत त्याने बागेत खपणारी म्हातारी टिपली, शेतकरी टिपले, लॉन कापणारे लोक टिपले. १९८५ मध्ये परत आला, तेव्हा तीच माणसं कर्जाने आणि पडलेल्या भावांनी पिचलेली. 'गॉड्स कंट्री' नावाने ते इथल्या सार्वजनिक टीव्हीवर दाखवलं. बंदी घाला म्हणून कोणी उठलं नाही, असं मी ग्रुपवर ठणकावून लिहिलं.

खरं सांगायचं तर ग्लेनकोत कोणाला काय वाटलं हे मी कधी विचारलेलं नाही. दोनदा गेलो, पेट्रोल भरलं, कॉफी घेतली, परत आलो. आणि ग्रुपवरच्या एकाने विचारलंच, "त्यांची म्हातारी फुलांत बसलेली दाखवली. आपली दाखवली का तशी?" मी त्याला उत्तर दिलं नाही, स्मायली टाकला.

मालवरही त्याची माणसं उखडली होतीच. १९७४ च्या 'लाकोंब ल्युसिएँ'त त्याने दुसऱ्या महायुद्धात जर्मनांच्या बाजूने जाणारा एक खेडवळ पोरगा दाखवला, त्याला राक्षस न करता. फ्रान्समध्ये चिखलफेक झाली. पुढे तो अमेरिकेत आला, इथल्याच अभिनेत्रीशी लग्न केलं, १९८६ मध्ये इथे स्थलांतर करून आलेल्यांवरही माहितीपट केला. आणि मग १९८७ मध्ये परत जाऊन केला तो कथापट कुठला, तर लहानपणीच्या शाळेचा. फोंतेनब्लोजवळची मठाची शाळा, १९४४ चा जानेवारी, गेस्टापोने वर्गातून उचललेली ज्यू मुलं. तेव्हा हा अकरा वर्षांचा होता. चाळीसहून जास्त वर्षं ते घेऊन फिरला. १९९५ मध्ये गेला तो बेव्हर्ली हिल्समध्ये. त्यालाही कोणी 'तिकडे बसून' म्हटलं असेल का, कोण जाणे.

मी इथे येऊन सव्वीस वर्षं झाली. दर दोन वर्षांनी सांगलीला जातो, आणि काय शूट करतो? कृष्णेचा घाट, गणपतीचं देऊळ, आईच्या हातची भाकरी. एसटी स्टँडमागचा नाला आपोआप फ्रेमबाहेर राहतो.

त्या क्लिपनंतरच्या रविवारी मी पुन्हा पहिला भाग लावून बसलो होतो. शेजारचे आजोबा माझा स्नोब्लोअर परत द्यायला आले, बूट काढून आत आले. पडद्यावर म्हैस पडलेली, गिधाडं जमायला लागलेली. माझा हात रिमोटवर कधी गेला ते मला कळलंच नाही. व्हायकिंग्जची, म्हणजे इथल्या फुटबॉल टीमची मॅच लागली.

"काय बघत होतास?" त्यांनी विचारलं.

"जुनी डॉक्युमेंटरी," मी म्हणालो. "फ्रेंच आहे."

ते हाफ टाइमपर्यंत बसले, कॉफी प्यायले आणि गेले. अख्खा माहितीपट बघा आणि मग बोला, हा मेसेज मी ग्रुपवर टाकला तो त्यानंतर तासाभराने.