बदला, क्षमा आणि कोर्टाची पायरी : एका फिरत्या मजकुराचा प्रतिवाद

बेळगाव, खानापूर, निपाणी या भागातल्या मराठी घरांत सध्या एक निनावी मजकूर फोनवरून फिरतो आहे आणि तो वाचून मान डोलावणाऱ्यांत चांगली शिकलेली माणसेही आहेत. त्याचे म्हणणे थोडक्यात असे : खून, बलात्कार, भर गावात केलेली विटंबना असा मोठा अपराध घडला, तर ज्याच्यावर तो ओढवला त्याच्यापुढे दोनच खरे मार्ग असतात. धमक असेल तर जागच्या जागी हिशेब चुकता करावा, नसेल तर मोठ्या मनाने क्षमा करून मोकळे व्हावे. शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, ही म्हण शेवटी जोडलेली आहे. आधाराला रांझ्याच्या पाटलाची शिक्षा, हुबळीची चकमक, पंचांनी मिटवलेली प्रकरणे, एकनाथ महाराजांची क्षमा आणि नेल्सन मंडेला अशी उदाहरणे दिली आहेत. यांतले एकही उदाहरण त्या मजकुराचे म्हणणे सिद्ध करत नाही आणि काही तर त्याच्या थेट विरुद्ध साक्ष देतात.

सुरुवात रांझ्यापासून करतो, कारण आपल्या मनावर सर्वांत घट्ट पकड याच गोष्टीची आहे. पाटलाने बाईची अब्रू घेतली आणि शिवाजी महाराजांनी तिथल्या तिथे त्याचे हातपाय तोडले, ना वकील ना तारीख, अशी ती सांगितली जाते. या प्रकरणाचे पत्र उपलब्ध आहे आणि ते जानेवारी १६४६ चे आहे. रांझे गावचा मुकादम (पाटील) बाबाजी बिन भिकाजी गुजर याच्या हातून बदअंमल, म्हणजे दुराचार, झाल्याची खबर आली, त्याला पकडून हुजूर आणले, प्रकरण मनास आणले, ते खरे ठरले आणि त्यानंतर शिक्षा झाली, असा क्रम त्या पत्रात आहे. म्हणजे चौकशी आधी आणि शिक्षा नंतर. शिक्षा करणारा हात त्या स्त्रीच्या भावकीचा किंवा चिडलेल्या जमावाचा नव्हता. ज्याच्यावर मुलखाच्या कारभाराची जबाबदारी होती त्याचा तो हात होता. शिवाय पत्र शिक्षेपाशी थांबत नाही, आणि गोष्ट सांगणारे नेमके हेच गाळतात. बाबाजीची मुकादमी जप्त झाल्यावर त्याच्याच गोतातल्या सोनजी बजाजी गुजराने अर्ज केला, की बाबाजीला माझ्या हवाली करावे. सोनजीकडून दंड घेऊन मुकादमी त्याच्या नावे करण्यात आली आणि हातपाय गेलेला तो अपराधी सांभाळण्यासाठी त्याच्या स्वाधीन करण्यात आला. अपराध सिद्ध झाला, शिक्षा झाली, पण गोताचा नायनाट झाला नाही आणि शिक्षा भोगलेला माणूस रस्त्यावर मरायला सोडला गेला नाही. हातपाय तोडणे ही त्या काळाची शिक्षा होती आणि ती आज कुणी मागू नये. परंतु वयाच्या सोळाव्या वर्षात असलेल्या राजाने दाखवलेली ही शिस्त बाजूला सारून त्याच्या नावाने जमावाच्या हाती कोयता देणे, हा त्या पत्राचा आणि त्या राजाचा अपमान आहे असे मला मनापासून वाटते.

जागच्या जागी हिशेब चुकता केला की तो कुणाच्या नावावर पडतो, हे पाहण्यासाठी आपल्याला इतिहासात जाण्याचीही गरज नाही. डिसेंबर २०२३ मध्ये बेळगाव तालुक्यातल्या होसवंटमुरी गावात एक तरुण आणि एक तरुणी पळून गेले. मुलीच्या घरच्यांना तो अपमान वाटला. ते दोघे हाती लागले नाहीत, म्हणून त्यांनी मुलाच्या आईला घराबाहेर ओढले, विवस्त्र केले, खांबाला बांधले आणि मारहाण केली. त्या माउलीने काय केले होते? मुलाला जन्म दिला होता, एवढेच. बदल्याला मूळ माणूस सापडला नाही तर तो जवळचा माणूस शोधतो, आणि तो जवळचा माणूस बहुतेक वेळा घरातली बाई असते. मजकूर लिहिणाऱ्याने ‘धमक’ हा शब्द वापरला आहे. त्या रात्री वंटमुरीत धमक असलेले पुष्कळ होते आणि मदतीला धावणारे मोजके.

या प्रकरणाची दखल कर्नाटक उच्च न्यायालयाने बातम्यांवरून स्वतःहून घेतली. तेव्हाचे मुख्य न्यायाधीश प्रसन्न वराळे हे निपाणीत जन्मलेले. त्यांच्या खंडपीठाने मारहाण करणाऱ्यांइतकाच, उभे राहून पाहत राहिलेल्यांचाही प्रश्न उपस्थित केला आणि ब्रिटिश गव्हर्नर जनरल लॉर्ड बेंटिंकच्या काळाचा दाखला देऊन अशा बघ्या गावावर सामूहिक दंड का बसवू नये, अशी विचारणा केली. सामूहिक दंडाची कल्पना मला पटत नाही, कारण तिच्यातही निरपराध भरडले जाण्याची भीती आहे. तरीही जमावातल्या गप्प माणसाची जबाबदारी काय, हा प्रश्न विचारला गेला तो कोर्टातच. त्या बाईच्या मुलाने किंवा भावाने उलट बदला घ्यायचा ठरवला असता, तर तो कुणी विचारला नसता आणि खांबाला बांधली गेली असती ती पलीकडच्या घरातली बाई.

आता हुबळीबद्दल. एप्रिल २०२५ मध्ये पाच वर्षांच्या एका मुलीला पळवून तिचा खून केल्याचा आरोप असलेला माणूस त्याच दिवशी पोलिसांच्या गोळीने मेला आणि लोकांनी रस्त्यावर जल्लोष केला. त्या लोकांचा संताप मला परका नाही. ज्याला लहान मूल आहे त्याला तो परका असूच शकत नाही. परंतु मेलेल्या संशयितावर खटला चालत नाही. त्याने आधी असे काही केले होते का, त्याला कुणाची साथ होती का, पकडलेला माणूस तोच होता हे पुराव्याने ठरले का, या प्रश्नांची उत्तरे मग केवळ पोलिसांच्या कागदावर राहतात. चकमकीत मृत्यू झाल्यास स्वतंत्र तपास आणि दंडाधिकाऱ्यांची चौकशी व्हावी, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये महाराष्ट्रातल्या चकमकींवरच्या एका खटल्यात ठरवून दिले ते याचसाठी. हैदराबादला डिसेंबर २०१९ मध्ये बलात्कार आणि खुनाच्या चार आरोपींना असेच मारले गेले, तेव्हाही फुले उधळली गेली होती. नंतर न्यायमूर्ती सिरपूरकर यांच्या आयोगाने चौकशी केली. पोलिसांनी त्यांच्यावर ठार मारण्याच्या हेतूनेच गोळ्या झाडल्या, आणि त्या चौघांपैकी तिघे घटनेच्या वेळी अल्पवयीन होते, असे निष्कर्ष आयोगाच्या अहवालात आहेत. फुले उधळणाऱ्यांना यातले काहीही माहीत नव्हते.

पंचांच्या मुद्द्यावर फार वेळ घालवण्याची गरज नाही. बांधाचे भांडण, शिवीगाळ, किरकोळ मारहाण गावात मिटली तर उत्तमच. कायद्यानेही तडजोडीला योग्य अशा गुन्ह्यांची यादी दिली आहे. खून, बलात्कार, दरोडा यांसारख्या गुन्ह्यांत मात्र पक्षकारांचे आपसांत जमले म्हणून खटला रद्द करता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१२ च्या ग्यानसिंग खटल्यात स्पष्ट केले आहे. कारण उघड आहे. बलात्कार झालेल्या मुलीच्या बापाला चार पंच मिळून समजावतात तेव्हा समोरच्या घराची जमीन, जात आणि वजन हेही त्या बैठकीला हजर असतात, आणि मुलगी बहुधा हजर नसते.

क्षमेबद्दल मात्र सावकाश बोलले पाहिजे, कारण मजकुराचा हा भाग वाचायला गोड आहे आणि दुखावलेल्या माणसावर सर्वांत जड बोजा तोच टाकतो. एकनाथ महाराज गोदावरीवरून स्नान करून येत, एक जण पुन्हा पुन्हा त्यांच्या अंगावर थुंकत असे आणि ते दर वेळी न रागावता परत स्नानाला जात, ही गोष्ट आपण लहानपणापासून ऐकतो. नाथांनी क्षमा केली ती स्वतःच्या अंगावर थुंकणाऱ्याला. शेजाऱ्याच्या अंगावर थुंकणाऱ्याला त्यांनी शेजाऱ्याच्या वतीने क्षमा केली, असे कुणी सांगत नाही. क्षमा करण्याचा अधिकार ज्याने सोसले त्याचा असतो आणि न करण्याचाही. सासरे, मामा, गल्लीतले वडीलधारे येऊन ‘झाले गेले विसरून जा, बाळ’ म्हणतात, तेव्हा ते आपल्याकडे नसलेली वस्तू दान करत असतात.

ज्याने खरोखर क्षमा केली त्यानेही न्याय सोडला पाहिजे, असे कुठे आहे? जानेवारी १९९९ मध्ये ओडिशातल्या मनोहरपूर येथे ऑस्ट्रेलियन मिशनरी ग्रॅहम स्टेन्स आणि त्यांची दोन लहान मुले गाडीत झोपलेली असताना जाळून मारण्यात आली. त्यांच्या पत्नी ग्लॅडिस स्टेन्स यांनी मारेकऱ्यांना क्षमा केल्याचे जाहीरपणे सांगितले. खटला चालूच राहिला. मुख्य आरोपीला फाशीची शिक्षा झाली, उच्च न्यायालयाने ती जन्मठेपेवर आणली आणि सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये ती जन्मठेप कायम केली. त्या बाईंच्या मनात द्वेष नव्हता आणि अपराधी तुरुंगात होता. या दोन गोष्टी एकाच वेळी खऱ्या असू शकतात, हे त्या मजकुराला सुचतच नाही.

मंडेलांनी सगळ्यांना माफ केले, हे विधान तर सरळ चुकीचे आहे. दक्षिण आफ्रिकेतल्या सत्य आणि सलोखा आयोगाकडे माफीसाठी अर्ज करावा लागे, राजकीय हेतूने केलेल्या कृत्यापुरतीच ती मिळे आणि त्यासाठी काय केले ते सर्व उघड सांगण्याची अट होती. सात हजारांहून अधिक अर्ज आले, त्यांतले ८४९ मंजूर झाले. वर्णभेदाविरुद्ध लढणारे स्टीव्ह बिको यांच्या मृत्यूला जबाबदार असलेल्या पोलिसांचा अर्ज १९९९ मध्ये फेटाळला गेला. सत्य सांगितल्याशिवाय माफी नाही, हा तिथला नियम होता. आपल्याकडच्या मजकुरात माफी आहे आणि सत्याचा पत्ता नाही.

राहिला कोर्टाचा विलंब, आणि इथे मजकुराच्या बाजूने बोलण्यासारखे खूप आहे. ज्या सीमाभागाचा दावा महाराष्ट्राने २००४ मध्ये सर्वोच्च न्यायालयात दाखल केला आणि जो अजून निकालाची वाट पाहतो आहे, तिथल्या माणसाला ‘तारीख’ काय असते हे शिकवावे लागत नाही. नरेंद्र दाभोलकरांचा खून ऑगस्ट २०१३ मध्ये झाला आणि पुण्याच्या न्यायालयाने मे २०२४ मध्ये दोघांना जन्मठेप देऊन तिघांना निर्दोष सोडले. हा विलंब समर्थनीय नाही. पण विलंबावर उपाय म्हणून बदला सुचवणाऱ्याने आपल्या दोन्ही बाजूंच्या शहरांकडे पाहावे. फेब्रुवारी २०१५ मध्ये कोल्हापुरात गोविंद पानसरे यांच्यावर गोळ्या झाडल्या गेल्या आणि त्याच वर्षी ऑगस्टमध्ये धारवाडला कन्नड विचारवंत एम. एम. कलबुर्गी यांचा त्यांच्या दारात खून झाला. त्यांच्या घरच्यांनी शस्त्र हाती घेतले नाही, क्षमेचा आवही आणला नाही. त्यांनी नीट तपासाचा आग्रह धरला आणि त्यासाठी वरच्या न्यायालयांपर्यंत गेले. कलबुर्गी आणि २०१७ मध्ये बंगळूरला खून झालेल्या पत्रकार गौरी लंकेश यांच्यावर झाडलेल्या गोळ्या एकाच पिस्तुलाच्या होत्या, हे तपासातूनच कळले. समोर दिसेल त्याला संपवून मोकळे झालेल्या माणसाला एवढे कधीच कळले नसते.

आपल्याकडे कोर्ट परके वाटते त्याचे आणखी एक कारण भाषा आहे. खानापूरच्या खेड्यातली बाई मराठीत सांगते, कागद कन्नडमध्ये होतो आणि पुढे निकाल इंग्रजीत येतो. या परकेपणामुळेच ‘पायरी चढू नका’ हा सल्ला इथे पटकन पटतो. म्हणून हे माहीत असले पाहिजे, की फिर्याद लिहून झाल्यावर ती फिर्यादीला वाचून दाखवणे आणि तिची प्रत मोफत देणे पोलिसांवर बंधनकारक आहे. आणि कोर्टात मराठीत साक्ष देता येते, आपली लिहिलेली साक्ष आपल्याला समजेल अशा भाषेत समजावून मागता येते. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेनुसार तपास कुठवर आला हे पोलिसांनी ९० दिवसांत पीडिताला कळवायचे आहे, सरकारला खटला मागे घ्यायचा असेल तर आधी पीडिताचे म्हणणे ऐकावे लागते, आणि आरोपी सुटला तर पीडिताला स्वतः अपील करता येते. आरोपी सापडला नाही तरी नुकसानभरपाई मागता येते. वकिलाची फी परवडत नाही म्हणून जी बाई घरी बसते, तिला जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळतो, आणि त्यासाठी तिचे उत्पन्न विचारले जात नाही.