गोळ्या फुकट मिळतात, गाडीभाडं नाही

१ डिसेंबर जवळ आला की एड्स दिनाची वर्गणी सुरू होते. फलक छापले जातात, लाल फिती वाटल्या जातात, शाळेची प्रभातफेरी निघते. ग्रामीण विदर्भात एचआयव्हीसाठी जमलेला पहिला रुपया मात्र फलकावर जाऊ नये, प्रवासावर जावा, असं माझं ठाम मत आहे.

एआरटीची, म्हणजे एचआयव्हीला दाबून ठेवणारी रोजची औषधं सरकार १ एप्रिल २००४ पासून मोफत देतं. तपासणी मोफत आहे, व्हायरल लोड, म्हणजे रक्तातल्या विषाणूचं प्रमाण मोजणारी चाचणीही मोफत आहे. बहुतेकांना आता दिवसाला एकच गोळी पुरते. पण एआरटी केंद्र असतं बहुधा जिल्ह्याच्या दवाखान्यात नाहीतर मेडिकल कॉलेजात. काही ग्रामीण रुग्णालयांत त्याला जोडलेलं, गोळ्या देणारं छोटं लिंक एआरटी केंद्र असतं. आपल्या जवळ कुठलं आहे ते १०९७ या मोफत हेल्पलाइनवर आधी विचारून घ्या. धारणीकडून अमरावतीला किंवा सिरोंच्याहून गडचिरोलीला जायचं म्हणजे अख्खा दिवस मोडतो. वेचणीच्या दिवसांत तेवढी रोजी बुडते. मग "पुढच्या आठवड्यात जाऊ" म्हणता म्हणता गोळ्या संपतात, खंड पडतो, आणि असे खंड वारंवार पडले की विषाणू त्या औषधाला जुमानेनासा होतो.

म्हणून वर्गणीला निघण्याआधी फेऱ्यांचा हिशेब करा. समजा तीस माणसं आहेत. त्यातल्या नव्या दहा जणांना दर महिन्याला जावं लागतं, म्हणजे १२० फेऱ्या. तब्येत स्थिरावलेल्या वीस जणांना तीन महिन्यांच्या गोळ्या एकदम मिळतात, म्हणजे ८० फेऱ्या. जाण्यायेण्याचं भाडं २४० आणि बुडालेली रोजी ३०० धरली तर फेरीमागे ५४० रुपये. २०० फेऱ्यांचे वर्षाला १,०८,००० होतात. वर्गणी मागताना हा आकडा सांगा. "एड्सग्रस्तांना मदत करा" म्हटलं की लोक दहा रुपये देतात. "एका माणसाची एक फेरी ५४० रुपयांची" म्हटलं की एखादा कृषी केंद्रवाला दोन फेऱ्या उचलतो.

एसटीत एचआयव्हीबाधितांना मोफत प्रवासाची सवलत आहे, मग भाडं कशाला, असं कुणीतरी विचारणारच. सवलत घ्यायची तर कंडक्टरला कागद दाखवावा लागतो, आणि तालुक्याच्या गाडीत कंडक्टर ओळखीचा असतो, मागच्या सीटवर गावातलीच माणसं असतात. म्हणून पुष्कळ जण गपचूप तिकीट काढतात. शिवाय गावापासून फाट्यापर्यंतच्या काळीपिवळीला सवलत कुठली?

सगळ्यात जास्त नुकसान होतं ते गुप्तता न पाळल्यानं. एचआयव्ही आणि एड्स (प्रतिबंध आणि नियंत्रण) कायदा २०१७ चा आहे, १० सप्टेंबर २०१८ पासून लागू आहे. संमतीशिवाय कुणाची एचआयव्ही स्थिती उघड करायला त्यात मनाई आहे. म्हणून केंद्रातल्या समुपदेशकाकडे यादी मागू नका. निधी आहे एवढंच त्यांना सांगा, ज्याला हवं तो स्वतः येईल. वहीत नावाऐवजी क्रमांक लिहा. पैसे देताना फोटो नको. घरी जाऊन देऊ नका, कारण तुमची गाडी दोनदा दारात थांबली की शेजारपाजारला कळतं. बसस्टँडवर द्या. यूपीआयनं पाठवत असाल तर शेऱ्यात फक्त "प्रवास" लिहा. खात्याच्या नावात एड्स हा शब्द असेल तर बँकेचा मेसेज घरातला पोरगा वाचतो, हे विसरू नका. पुरावा म्हणून परतीचं तिकीट जोडलं की पुरे.

पैशांची शिस्त गणपतीच्या वर्गणीसारखीच. नोंदणीकृत संस्था नसेल तर महाराष्ट्र सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था अधिनियमाच्या कलम ४१ क खाली धर्मादाय कार्यालयाची परवानगी आधी काढा. पावती पुस्तकावर अनुक्रमांक छापून घ्या, डबा दोघांसमोर उघडा, मोजलेली रक्कम त्याच दिवशी बँकेत भरा. एकाच्या वैयक्तिक क्यूआर कोडवर पैसे घेतले की सहा महिन्यांत संशय उभा राहतो, माणूस कितीही प्रामाणिक असला तरी. परदेशी नागरिकत्व घेतलेल्या नातलगाचे पैसे एफसीआरए, म्हणजे परदेशी देणग्यांच्या कायद्याखालची नोंदणी किंवा पूर्वपरवानगी असल्याशिवाय घेता येत नाहीत.

आता एचआयव्हीच्या निधीबरोबर तृतीयपंथी, समलिंगी मित्रमैत्रिणींसाठी गोळा करायचा निधी. काम करणारी माणसं तीच असू द्या, पावती पुस्तकं मात्र दोन. एकत्र केलं की गावात दोन्हीकडून चुकीचा अर्थ निघतो: प्रत्येक तृतीयपंथी बाधित आहे, आणि प्रत्येक बाधित "तसला" आहे. नवऱ्याकडून लागण झालेल्या बाईला आणि पूर्णपणे निरोगी तृतीयपंथी माणसाला, दोघांनाही ते भोवतं. गरजाही वेगळ्या आहेत. तृतीयपंथी ओळखपत्राच्या अर्जाला सरकारी शुल्क नाही, पण शपथपत्र, फोटो, सायबर कॅफे आणि जिल्ह्याच्या चकरा यांना पैसे लागतात. घरातून मारून हाकललेल्या पोराला रात्रीतून नागपूर गाठायला तिकीट आणि चार दिवसांचा आसरा लागतो. त्यासाठी थोडी रोकड कायम बाजूला ठेवा, कारण त्या वेळी बैठक घ्यायला सवड नसते. समलिंगी संबंध गुन्हा नाहीत असा कलम ३७७ चा निकाल ६ सप्टेंबर २०१८ ला लागला, पण घरचा मार काही त्यानं थांबलेला नाही. या निधीची वर्गणी चौकात मागू नका, घरगुती बैठकीत मागा. न्यूयॉर्कमध्ये ऑगस्ट १९८१ मध्ये लेखक लॅरी क्रेमर यांच्या घरी ऐंशीएक जण जमले आणि पुढं एड्स म्हटल्या गेलेल्या आजारासाठी तिथं ६,६३५ डॉलर गोळा झाले. त्या आजाराला तेव्हा नावसुद्धा नव्हतं.

निधीतला काही भाग संजय गांधी निराधार योजनेच्या अर्जांवर घाला. एड्सबाधित आणि तृतीयपंथी दोघंही त्यात बसतात. उत्पन्नाचा दाखला आणि रहिवासी दाखला यांतच अर्ज अडकतो, म्हणून तहसीलला सोबत जाणारा माणूस पैशांपेक्षा जास्त कामाचा.

वर्गणीची वेळही पाहा. पोळ्याला शेतकऱ्याचा हात रिकामा असतो, तेव्हा मागणं चूक. सोयाबीन विकलं गेलं, कापसाचे पैसे हाती आले की डिसेंबर-जानेवारीत फिरा. तूर निघाल्यावर रोख मागूच नका, डाळ मागा. बाधितांना घरटी दोन किलो तुरीची डाळ, एक किलो शेंगदाणे आणि गूळ साध्या पिशवीत भरून द्या, महागड्या प्रोटीन पावडरच्या डब्यापेक्षा ते खरंच खाल्लं जातं. पिशवीवर कुणाचं नाव किंवा फोटो नको, आमदाराचाही नाही.